तीनशे सव्वीस नंबरचा मनोरा

ओसोकिन्स्क,
१४ सप्टेंबर १९९४

रोदिओन भाऊजी,

तब्येत कशी, तिकडं बर्फ पडला का, हे सगळं विचारलं असं समजा. मी सरळ मुद्द्यावर येते. काल नगरपालिकेतली ल्युबा धक्क्यावर आली होती. माझी क्रेन बिघडली होती, म्हणून मी खाली उतरून चहा पीत बसले होते. ती म्हणाली, "कापा, ऐकलंस का? आपली पाणबुडी मोडीत काढताहेत म्हणे." शेजाऱ्यांनी गाय विकली हे सांगावं, त्या आवाजात सांगितलं बाईनं. मी चहाचा पेला तसाच खाली ठेवला.

आपली पाणबुडी! या गावानं ती दत्तक घेतली होती, भाऊजी. दर हिवाळ्याच्या तोंडावर इथून बटाट्याची पोती जायची, आंबवलेल्या कोबीची पिंपं जायची, बायकांनी विणलेले मोजे जायचे. एकदा तर अकॉर्डियन पाठवलं होतं, आठवतं का? तुम्हीच ते वाजवून वाजवून मोडलंत. आणि आम्ही नुसते बटाटे नाही पाठवले. माझा तिमोफेइ पाठवला, आणि त्याच्या पाठचे तुम्ही. तुम्ही परत आलात. तो नाही आला. आग लागली म्हणाले, कर्तव्य बजावताना गेला म्हणाले. कुठं, असं विचारलं तर म्हणाले समुद्रात. समुद्र काय एवढासा असतो?

दर वर्षी रादोनित्सा येते. ईस्टरनंतरच्या दुसऱ्या मंगळवारी आख्खं गाव स्मशानात जातं. जो तो आपल्या माणसाच्या थडग्याशी बसतो, खातो, पितो, रडतो, भाऊ-भाऊ तिथंच भांडून घेतात. मी कुठं जाऊ? मी पडदे ओढून घरात बसते, आणि शेजारीण दारातून विचारते, डोकं दुखतंय का म्हणून.

तर मला त्या बोटीचा मनोरा हवाय. तिच्या पाठीवरचा तो उंच काळा मनोरा, ज्यातून आत उतरायची शिडी असते. बाकीची बोट खुशाल कापा. तिमोफेइ शेवटचा आत गेला तो त्याच दारानं ना? मग ते दार माझ्या गावात नदीकाठी उभं राहू दे. मला बसायला जागा हवी, भाऊजी, दुसरं काही नको. तुम्ही तिथं बंदरातच राहता, आरमाराचं ते संग्रहालय सांभाळता, सगळे तुम्हाला ओळखतात. तुम्हाला नाही जमलं तर कुणाला जमणार? आणि बोटीचं खरं नाव काय ते कळवा. अर्जात लिहावं लागेल.

तुमची वहिनी,
कापितोलिना


स्तुद्योनाया खाडी,
२० ऑक्टोबर १९९४

वहिनी,

चहा पिता पिता हुकूम सोडलात! मनोरा पाठवा. जसं काही मी सुक्या माशाचं पुडकं बांधून पोस्टात टाकणार आहे. अहो, दुमजली घराएवढा असतो तो.

पण तुम्ही लिहिलंत त्यावर हसू आलं नाही. मीही रोज संग्रहालयाच्या खिडकीतून तिच्याकडे बघतो. पलीकडच्या धक्क्याला बांधलीय. एका बाजूला कलंडलेली, रंग उडालेला, वर समुद्रपक्ष्यांची घाण. पाणी उपसायला वीज देत नाहीत, मग सकाळी कुणीतरी जाऊन पंप हातानं मारतो. या बोटीनं बर्फाखालून अख्खा उत्तर ध्रुव पार केलाय. परवा तिच्या दोरखंडाला कुणीतरी कपडे वाळत घातले होते.

नवे भरती झालेले सैनिक आणतात माझ्याकडे, आरमाराचा इतिहास सांगा म्हणून. मी सांगतो. पीटर बादशहानं तळ्यात होड्या तरंगवून सुरुवात केली. सेवास्तोपोलला शत्रू खाडीत शिरू नये म्हणून आपणच आपली गलबतं तोंडाशी बुडवली. जपानशी लढायला बाल्टिकचं आरमार अर्ध्या जगाला वळसा घालून गेलं आणि त्सुशिमाच्या लढाईत तळाला गेलं. एकोणीसशे अठरा साली नोव्होरोसिस्कला पुन्हा आपणच आपली जहाजं बुडवली, जर्मनांच्या हाती पडू नयेत म्हणून. तर एक जण उठून विचारतो, "मग आजोबा, ते त्सुशिमा सोडलं तर शत्रूनं किती बुडवली?" मी म्हटलं, "बाबा रे, आपण त्याला संधी दिली तर ना!" सगळे हसले. मला मात्र हसू नाही आलं. त्या काळातले खलाशी आपलं जहाज बुडवताना धाय मोकलून रडले होते. इथं गॅस कटर चालवणारा शीळ घालत कापतो.

असो. बोटी मोडणाऱ्या यार्डाचा प्रमुख कप्तान गोलोश्चापोव माझ्या ओळखीचा आहे. तुम्ही गावाकडून अर्ज पाठवा, 'आमची दत्तक पाणबुडी' एवढंच लिहा, बाकी मी इथं उभा राहून बघतो.

खरं नाव मात्र मी लिहिणार नाही. सही केलीय मी त्याबद्दल, जन्मभराची. आणि आमच्या गावातली पत्रं अजून उघडून वाचतात. हे वाचणाऱ्या साहेबांनाही नमस्कार.

रोदिओन


ओसोकिन्स्क,
२९ नोव्हेंबर १९९४

भाऊजी,

तुमच्या 'एवढंच लिहा'पायी माझी काय शोभा झाली ते ऐका.

नगराध्यक्ष ल्येव प्रोखोरोविचकडे गेले. हा तोच, जो पूर्वी पक्षाच्या कचेरीत भाषणं ठोकायचा आणि आता दर रविवारी चर्चमध्ये पहिल्या रांगेत उभा असतो. त्यानं अर्ज वाचला, चष्मा काढला, पुन्हा घातला.

"कुठली पाणबुडी?"

"आपली."

"कापितोलिना येर्मोलायेव्हना, सरकारी कागदावर 'आपली' असं लिहीत नाहीत. नाव काय तिचं?"

"गुप्त आहे."

"मग मी आरमाराला काय लिहू? एक गुप्त वस्तू पाठवा, कुठली ते सांगणार नाही?"

आणि वर म्हणतो, नदीकाठची ती जागा कारंज्यासाठी ठेवलीय. कारंजं! गावातल्या नळाला पाणी नाही आणि हा कारंजं उडवतोय. मी टेबलावर हात आपटला. त्याची शाईची दौत सांडली, त्याबद्दल मला वाईट वाटत नाही.

भाऊजी, नाव कळवा. हात जोडते. तिचं नाव अमेरिकेला माहीत असेल, नॉर्वेला माहीत असेल, फक्त तिच्यात मेलेल्या माणसाच्या बायकोला माहीत नाही. हा कुठला न्याय? तुम्ही कुणापासून लपवताय? आता ती भंगार आहे ना? भंगाराला कसलं आलंय गुपित?

कापितोलिना


स्तुद्योनाया खाडी,
१७ जानेवारी १९९५

वहिनी,

तुम्ही मला हवं ते बोला, मी नाव लिहिणार नाही. मी शब्द दिलाय तो सरकारला नाही दिला, असं समजा. त्या बोटीत आम्ही सगळ्यांनी दिला होता, तिमोफेइनंसुद्धा. त्यानं तुम्हाला कधी सांगितलं होतं का? नाही ना? मग मी का सांगू?

इकडचं ऐका. मी गोलोश्चापोवकडे गेलो. तो म्हणाला, मनोरा देता येणार नाही, कारण त्याच्यावर आवाज गिळणाऱ्या रबराचं आवरण आहे आणि ते गुप्त आहे. मी म्हटलं, मग रबर काढ. तो म्हणाला, काढू, पण रबर काढलं की तो मनोरा राहत नाही, भंगार होतं, आणि भंगाराची परवानगी दुसऱ्या खात्याकडून येते. दुसऱ्या खात्यात गेलो. ते म्हणतात, आमच्याकडे भंगार येतं, मनोरे येत नाहीत. मी चारदा या दारातून त्या दारात गेलो आणि शेवटी जिन्यातच बसकण मारली. पाठीत अशी कळ आली की डोळ्यापुढं काजवे चमकले. मूतखडा आहे म्हणतात.

तरी धीर सोडू नका. तिची पाळी अजून आली नाही. मी रोज जाऊन बघून येतो. गोलोश्चापोवनं शब्द दिलाय, की आरमाराच्या मुख्यालयाचा कागद आला की तो मनोरा जपून उतरवून ठेवेल. म्हणजे आता सगळं तुमच्या ल्येव प्रोखोरोविचच्या अर्जावर आहे. त्याच्या मागं लागा. दौती आणखी असतील त्याच्याकडे.

रोदिओन


ओसोकिन्स्क,
२१ मार्च १९९५

भाऊजी,

तुमच्या नावाशिवाय जमवलं! ठेवा तुमचं गुपित उशाशी.

सुचलं कसं ते सांगते. नगरपालिकेच्या सभागृहात तो मोठा फोटो आहे ना, आपलं शिष्टमंडळ तुमच्या बंदरात आलं होतं तेव्हाचा? मी अकॉर्डियन धरून उभी आहे, मागं आपली बोट आहे, आणि तिच्या मनोऱ्यावर दारासारखे मोठे पांढरे आकडे: ३२६. मी ल्येव प्रोखोरोविचला हाताला धरून त्या फोटोपुढं उभं केलं. म्हटलं, "घ्या. नंबर चालेल ना?" त्याचा चेहरा असा उजळला म्हणून सांगू! कागदावर लिहायला आकडा मिळाला की या लोकांना जेवण मिळाल्यासारखं होतं. लगेच अर्ज गेला, आणि काल आरमाराच्या मुख्यालयाचं उत्तर आलं. मंजूर! '३२६ क्रमांकाच्या पाणबुडीचा मनोरा ओसोकिन्स्क गावास द्यावा.' शिक्का, सही, सगळं आहे. एक प्रत थेट तुमच्या यार्डाला गेलीय.

कारंजं रद्द झालं. बर्फ वितळला की श्वेतसमुद्राच्या कालव्यातून एक बार्ज, सपाट तळाचा मालवाहू तराफा, लाकूड आणायला जाणार आहे, तो येताना मनोरा घेऊन येईल. नदीकाठची जागा आम्ही बायकांनी बर्फ उपसून साफ केली, जमीन मऊ झाली की भोवती लायलॅकची फुलझाडं लावणार आहोत. मी रोज कामावर जाताना तिथं थांबते. काल तिथं बसून बघितलं, वारा लागतो का ते. लागतो, पण चालेल.

तुम्ही आता फक्त एवढं बघा, की चढवताना तो नीट बांधतील. आणि स्वतः या. मी वर क्रेनमध्ये असेन, मीच उतरवून घेणार त्याला. दुसऱ्या कुणाला हात लावू देणार नाही.

तुमची आनंदात असलेली वहिनी,
कापितोलिना


स्तुद्योनाया खाडी,
१८ जून १९९५

वहिनी,

उभ्या असाल तर आधी बसा.

तुमचं मार्चचं पत्र मला परवा मिळालं. मी एप्रिलच्या सुरुवातीपासून मुर्मान्स्कच्या इस्पितळात होतो, खड्यानं जीव नकोसा केला होता, नंतर ऑपरेशनची जखम चिघळली. पत्र इथं संग्रहालयाच्या दारात पडून राहिलं. मी ते उघडलं, 'तीनशे सव्वीस' वाचलं, आणि चप्पल घालून तसाच यार्डाकडे पळालो.

वहिनी, तो आकडा तिचा नव्हता हो! तो कुणाचाच नसतो. समुद्रावर जायच्या आधी दर वेळी आकडा बदलायचा, असा हुकूम होता. वरून फोटो काढणाऱ्याला कळू नये, की कुठली बोट बाहेर गेली आणि आपल्याकडे आहेत तरी किती. मी बोटीचा बोसन होतो, डेकवरच्या खलाशांचा मुकादम; शिडीला लटकून माझ्या हातांनी मी ते आकडे खरवडलेत आणि नवे रंगवलेत. तुमच्या फोटोच्या वेळी आपण ३२६ होतो. पुढच्या वसंतात आणखी काहीतरी होतो. तिमोफेइ गेला त्या सफरीला तर आणखीच वेगळा होता. आणि ३२६ हा नंबर फिरत फिरत शेवटी दुसऱ्याच बोटीवर जाऊन बसला. ती आपल्याच जातीची, दिसायला जुळी बहीण.

यार्डानं कागद वाचला, नंबर शोधला, आणि त्या दुसऱ्या बोटीचा मनोरा लोण्यासारखा अलगद उतरवून लाकडी ठोकळ्यांवर ठेवला. आपली बोट मे महिन्यात कापली. मी गेलो तेव्हा ढिगाऱ्यात वाकडे पत्रे होते आणि त्यांतला कुठला कशाचा, हे मलाही ओळखता येईना. मला, वहिनी!

मी गोलोश्चापोवची कॉलर धरली. तो म्हणतो, "रोदिओन साव्विच, कागदावर नंबर होता. नंबरप्रमाणे दिलं. एक आकडा इकडचा तिकडं नाही केला. तक्रार कसली?" त्याचं चुकलं काय? काहीच नाही. हेच तर मला खातंय. सगळे नियमानं वागले. अमेरिकावाले त्या आकड्यांनी फसले की नाही देव जाणे, फसलो ते आपणच.

मी नाव लिहिलं असतं तर! एका ओळीत काम झालं असतं. मी मात्र बसलो माझ्या शब्दाला कवटाळून. आता तुम्ही मला जे बोलाल ते थोडंच आहे.

तो परका मनोरा बार्जवर चढलाय आणि कालच निघाला, वाटेत ठिकठिकाणी लाकूड भरत सप्टेंबरात पोहोचेल. मी अडवायला गेलो तर म्हणाले, कागद पूर्ण आहेत, बाजूला व्हा.

रोदिओन


ओसोकिन्स्क,
९ जुलै १९९५

रोदिओन साव्विच,

तुम्हाला भाऊजी म्हणायची आज इच्छा नाही.

दोनदा विचारलं होतं मी. दोनदा. हात जोडून. तुम्ही पत्र उघडणाऱ्या साहेबांना नमस्कार घातलात आणि माझ्या तोंडाला पानं पुसलीत. माझा नवरा एकदा समुद्रात गेला, आता ढिगाऱ्यात गेला. त्याच्या दाराचे पत्रे कुणाच्या तरी डुकरांच्या खोपटावर लागतील. मिळाला तुमच्या गुपिताला मोक्ष?

उत्तर लिहू नका.

कापितोलिना


स्तुद्योनाया खाडी,
१६ ऑगस्ट १९९५

वहिनी,

लिहू नका म्हणालात, तरी लिहितो. बार्ज पोहोचण्याआधी तुम्हाला हे मिळावं म्हणून.

मी रात्रंदिवस यावर विचार केला. ती जुळी बहीण आहे, एकाच आराखड्यावर, एकाच कारखान्यात, एकाच कारागिरांनी बांधलेली. तीच शिडी, तेच झाकण, तोच कठडा. गावात कुणालाही फरक कळणार नाही. आकडाही तोच आहे, फोटोतला. तुम्ही आणि मी गप्प बसलो तर तो आपलाच. तुम्हाला बसायला जागा हवी होती ना? मग बसा. मी कुणाजवळ अवाक्षर काढणार नाही.

रोदिओन


ओसोकिन्स्क,
२२ सप्टेंबर १९९५

भाऊजी,

पुन्हा भाऊजी म्हणते, कारण शिव्या द्यायला जवळचंच माणूस लागतं.

म्हणे, कुणाला कळणार नाही! मला कळेल ना? दुसऱ्याच्या नवऱ्याला नवरा म्हणा, दिसतो सारखाच, असं सांगताय तुम्ही मला.

बार्ज परवा आला. धक्क्यावर बँड, शाळेची मुलं, स्वागताचा पाव आणि मीठ घेऊन ल्युबा, आणि ल्येव प्रोखोरोविच नवा कोट घालून. मी वर क्रेनमध्ये. खाली बार्जवर तो उभा, काळा, त्याच्यावर पांढरं ३२६. बँड वाजायला लागला. मी हँडलला हात लावला आणि पुन्हा काढून घेतला. भाऊजी, मला नाही जमलं.

ल्येव प्रोखोरोविचनं कर्णा उचलला. "कापितोलिना येर्मोलायेव्हना, उचला!"

मी खिडकीतून डोकं बाहेर काढून ओरडले, "नाही उचलणार. ही आपली नाही!"

"काय म्हणता? आकडा बघा की!"

"आकडे बदलतात! आपली कापली! ही दुसरीच कुणीतरी आहे!"

बँड एकेक वाद्य करत बंद पडला, शेवटी फक्त ढोल वाजत राहिला. ढोलवाला बहिरा आहे. ल्येव प्रोखोरोविच कर्ण्यातूनच ओरडला, की बाईला दुःखानं भ्रम झालाय. तेव्हा मी खाली उतरले आणि सगळ्यांसमोर खिशातलं तुमचं जूनचं पत्र वाचून दाखवलं, गुपितासकट. गुपित फुटलं म्हणून तुम्हाला पकडायला आले तर सांगा, वहिनीनं फोडलं.

संध्याकाळी दुसऱ्या पाळीचा क्रेनवाला येफिम आला. त्यानं तो मनोरा उचलून धक्क्याच्या टोकाला कोळशाच्या ढिगाशेजारी ठेवला, कारण बार्ज रिकामा करायचाच होता. आता गावाला तो नको, ल्येव प्रोखोरोविचला नको, मला तर नकोच. परत न्यायला कुणी तयार नाही. नदीकाठची आमची ती जागा रिकामी आहे, आणि पुन्हा कारंज्याची गोष्ट निघालीय.

कापितोलिना


स्तुद्योनाया खाडी,
१० जानेवारी १९९६

वहिनी,

मला पकडायला कुणी आलं नाही. पत्रं उघडणाऱ्या साहेबांनाच कामावरून कमी केलं म्हणतात. म्हणजे माझं गुपित सांभाळायला एकटा मीच उरलो होतो.

मी त्या दुसऱ्या बोटीची चौकशी केली. म्हटलं, तिच्यातही कुणी गेलं असेल, त्याच्या घरच्यांना कळवावं की मनोरा ओसोकिन्स्कला आहे, ते येऊन घेऊन जातील. तिचा जुना बोसन अजून इथंच राहतो, बाजारात मशरूम विकतो. त्याला विचारलं, तर तो माझ्याकडे असा बघायला लागला, जशी काही मी त्याला शिवीच दिली. "आमच्या बोटीत?" म्हणाला. "आमच्या बोटीत कुणी मेलं नाही. एकसुद्धा नाही. दोनदा आग लागली, एकदा बर्फाखाली अडकलो, तरी जेवढे गेलो तेवढे परत आलो. दर वेळी परतल्यावर रिवाजाप्रमाणे धक्क्यावर भाजलेलं डुकराचं पिल्लू खाल्लं, दर वेळी ताटं पूर्ण भरली."

तर ऐका आपलं नशीब. समुद्रावर एवढ्या बोटी होत्या आणि तुमच्या वाट्याला आली ती नेमकी ही. ज्याच्यापाशी कुणाला रडायचं कारण नाही असा मनोरा मी तुम्हाला पाठवला. माझं मलाच हसू येतं आणि मग डोकं भिंतीवर आपटावंसं वाटतं.

मी संग्रहालयाच्या किल्ल्या परत केल्या. आरमाराचा इतिहास आता कुणीतरी दुसऱ्यानं सांगावा.

रोदिओन


ओसोकिन्स्क,
२४ एप्रिल १९९६

भाऊजी,

तुमचं जानेवारीचं पत्र मी संतापानं धक्क्याच्या कँटीनमध्ये सगळ्यांना वाचून दाखवलं होतं. "ऐका," म्हटलं, "भाग्यवान बोट आलीय आपल्याकडे! सगळे जिवंत, सगळे घरी, डुक्कर खाऊन ढेकर देणारे!" सगळे हसले. मीही हसले. आणि तुम्हाला उत्तर लिहायचं नाही असं ठरवलं.

काल रादोनित्सा होती. घरात पडदे ओढून बसायचा मला कंटाळा आला होता. नदीचा बर्फ फुटलाय, बोटी सुरू झाल्यात, म्हणून मी मागून पाळी घेतली. सकाळी धक्क्यावर गेले. येफिम सोडून कुणी असणार नाही असं वाटलं होतं.

मनोऱ्यापाशी बायका बसल्या होत्या.

आधी मला वाटलं, कोळसा चोरायला आल्यात. जवळ गेले. मनोऱ्याच्या कठड्यावर पावाचे तुकडे, रंगवलेली अंडी, एकीनं तर लोकरीचे मोजे ठेवले होते. त्यातली एक फेव्रोन्या, गिरणीतली. तिचा मुलगा गेल्या हिवाळ्यात कॉकेशसच्या लढाईवर गेला आणि त्याचा पत्ता नाही. मेला असंही कुणी सांगत नाही, जिवंत असंही कुणी सांगत नाही. दुसरी त्याच्याबरोबर गेलेल्याची आई. तिसरीला मी ओळखत नव्हते, ती नदीपलीकडून होडीनं आली होती.

माझं डोकं फिरलं. इतक्या दिवसांचं सगळं एकदम वर आलं. मी म्हटलं, "बायांनो, हे काय चाललंय? आज स्मशानात जायचा दिवस आहे. आणि हा कुणाचा मनोरा आहे माहीत आहे का? यातलं कुणी मेलेलंच नाही!"

फेव्रोन्या शांतपणे म्हणाली, "माहीत आहे. तूच वाचून दाखवलंस. जेवढे गेले तेवढे परत आले. म्हणून तर आलोय. आम्ही स्मशानात कशाला जाऊ? आमची पोरं काय मेलीत?"

मी तिला सांगणार होते, की अगं, लोखंड आहे ते, लोखंडाला काय कळतं. की नंबर चुकला म्हणून ते इथं आलंय, एका म्हाताऱ्या बोसनच्या हट्टापायी आलंय. पण ती त्या मोज्यांची घडी नीट करत होती, वाऱ्यानं उडू नयेत म्हणून वर दगड ठेवत होती. मी गप्प राहिले. भाऊजी, मी गप्प राहिले असं तुम्ही कधी ऐकलंय का?

मग फेव्रोन्यानं विचारलं, "तुझं कोण गं? नवरा ना? समुद्रात?"

"हो. तिमोफेइ."

"येईल का तो?"

इतकी वर्षं झाली, कुणी मला हे विचारलं नव्हतं. सगळे सांगायचे. कागद सांगायचे, अधिकारी सांगायचे, तुम्ही सांगायचात. कागदावर लिहिलं असेल, पण मी कधी माझ्या तोंडानं कुणाला सांगितलं नव्हतं, की तो येणार नाही. तुम्हाला मनोरा मागितला, गावाशी भांडले, क्रेनमधून ओरडले, तेव्हासुद्धा नाही.

मी म्हटलं, "नाही. तो नाही यायचा."

आणि मग जे रडू आलं ते आवरेना. येफिम वरून शिट्टी मारत होता, खाली बार्ज थांबला होता, थांबू दे म्हटलं. फेव्रोन्या थोडी सरकली. तिच्या आणि कोळशाच्या मधे जागा झाली, तिथं मी बसले.

कापितोलिना